बेल्ट आपोआप तुटत नाही

करपलेल्या रबराचा वास आला की गुणाजी आधी नाक वर करतो, मग बोलतो.

•

वाइन रेड. केसांच्या रंगाचं पाकीट. पाकिटावरची बाई कशाला हसते आहे ते कळत नाही.

•

गावच्या देवळात गाऱ्हाणं घालताना एक जण देवाला सांगत जातो आणि प्रत्येक वाक्यानंतर जमलेले सगळे म्हणतात, "व्हय म्हाराजा." काय सांगितलं ते ऐकायला कुणी थांबत नाही. तोंडाला सवय असते.

•

"ठाण्याहून निघतोय. भाजी काय आणू?"

•

दारामागच्या खिळ्याला, वर्तमानपत्रात गुंडाळलेला, पावडर लावून ठेवलेला रबराचा पट्टा. पावडर लावली की रबर चिकटत नाही.

•

मोबाइलमध्ये एक नंबर 'प्राची टेलर' या नावाने आहे. मालनने जन्मात कुठल्या प्राचीकडून ब्लाउज शिवून घेतलेला नाही.

•

"ह्याला सुरी कुणी लावली?"

गुणाजीच्या एका हातात दुधाची पिशवी होती. दुसऱ्या हाताने त्याने व्हॅक्यूम क्लीनर आडवा धरला होता. तळाच्या एका स्क्रूचं तोंड खरवडून गोल झालं होतं. मालन ओट्याशी उभी होती. भाजी चिरायची सुरी तिने घाईघाईने धुऊन ठेवली होती, पण सुरीचं टोक वाकलं होतं आणि ते तिथून दिसत होतं.

"मी," ती म्हणाली. "म्हटलं, तुम्हाला कशाला त्रास."

"मशीन उघडायचा मला त्रास व्हायला लागला ना, की मला गावाला नेऊन ठेव." गुणाजीने दूध ओट्यावर ठेवलं. "स्क्रूचं तोंड खाल्लंस की."

"मग राहू दे ना. स्टेशनजवळच्या रिपेअरवाल्याकडे टाकू."

"तो काय करणार? जुना काढणार, नवा घालणार."

"तेवढंच तर करायचंय."

"नाही गो. बेल्ट कधी आपोआप तुटत नाही. का तुटला ते आधी बघायचं."

लग्न झाल्यापासून मालन हे वाक्य ऐकत आली होती. वागळे इस्टेटमधल्या पॅकिंग मशीनबद्दल, कुकरच्या रिंगबद्दल, एकदा तर समोरच्या ब्लॉकमधल्या विनीतच्या घटस्फोटाबद्दलसुद्धा. ऐकून ती हसायची. आज ती हसली नाही.

कारण बेल्ट का तुटला, ते तिला माहीत होतं.

•

काल शुक्रवार. शुक्रवारी गुणाजी ठाण्याच्या वागळे इस्टेटला, जुन्या कंपनीत जातो. रिटायर झाला तरी कंपनीने त्याला मशीन दुरुस्तीला शुक्रवारपुरता ठेवला होता. तो कंपनीच्या सुट्टीचा दिवस, आणि सुट्टी असते तेव्हाच मशीन उघडता येतं. आणि शुक्रवारी, गुणाजी गेल्यावर, कल्याणहून ऐश्वर्या येते. त्यांची मुलगी. सोबत उर्वी, नात, आता तीन वर्षांची. दुपारभर हॉलमधल्या गालिच्यावर दोघी लोळतात. मालन आंबोळ्या करते. मग गुणाजीचा फोन येतो, भाजी काय आणू. फोन आला की दोघी निघतात, आणि त्या जिना उतरल्या की मालन व्हॅक्यूम काढते.

हे मशीन उभ्या दांड्याचं. खाली लाटण्यासारखा गोल ब्रश, आणि तो फिरवणारा बेल्ट. मालनचे गुडघे गेले, वाकून केर निघेना, म्हणून गुणाजीनेच आणलं होतं. ती मात्र शुक्रवारी केर काढत नसे. ती मागमूस काढत असे. बिस्किटाचा चुरा. रंगीत खडूचा भुगा. आणि केस. ऐश्वर्याचे लांब, वाइन रेड केस. मालनचे स्वतःचे पांढरे, आखूड, गुणाजीला टक्कल. त्या घरात तो केस दुसऱ्या कुणाचा असूच शकत नव्हता.

काल मशीन कर्र करून ओरडलं, धूर आला, ब्रश थांबला. मालनने सगळ्या खिडक्या उघडल्या. एरवी एमआयडीसीतल्या केमिकलच्या वासाला शिव्या घालणारी ती, काल तो वास यावा म्हणून खिडकीत उभी होती. नेमका काल आला नाही.

गुणाजीने दारात चपला काढल्या. नाक वर केलं.

"बेल्ट गेला," तो म्हणाला. "उद्या उघडू."

•

ऐश्वर्याचा साखरपुडा गावातल्या एका घराण्यात झाला होता. गुणाजीने नारळ देऊन शब्द दिला होता. ऐश्वर्याने तो मोडला आणि कल्याणच्या हर्षितशी लग्न केलं. हर्षितमध्ये खोट नव्हती. पण शब्द मोडला तो गुणाजीचा.

मग गुणाजी गावी गेला. देवासमोर, त्या मुलाच्या माणसांसमोर, नारळ हातात घेऊन उभा राहिला आणि म्हणाला, "मी घरात असताना ती माझ्या घरात पाऊल ठेवणार नाही."

"व्हय म्हाराजा," सगळे म्हणाले.

मालनही म्हणाली. तोंडातून गेल्यावर तिला कळलं आपण कशाला हो म्हटलं.

नारळ हातात घेऊन बोललेला शब्द माणसाला परत घेता येत नाही. देवाला कौल लावावा लागतो, आणि कौल लावायला त्याच माणसांसमोर उभं राहावं लागतं. परतीच्या एसटीत गुणाजी खिडकीबाहेर बघत म्हणाला होता, "आणि माझ्या मागे काही चाललेलं माझ्या कानावर आलं, तर मी उठून गावाला येईन. कायमचा. तू राहा डोंबिवलीत."

तो हे रागात म्हणाला नव्हता. भीती त्याचीच होती. रागात बोललेलं माणूस विसरतो.

•

गुणाजीने हॉलमध्ये वर्तमानपत्र पसरलं. त्याची पद्धत ठरलेली. काढलेला प्रत्येक भाग पेपरवर, काढला त्या क्रमाने, डावीकडून उजवीकडे. बसवताना उजवीकडून डावीकडे. पेपरच्या एका बाजूला पत्र्याचा डबा, जे परत बसवायचं ते त्यात. दुसऱ्या बाजूला प्लास्टिकची पिशवी, जे भंगार ते तिच्यात. ऐश्वर्या लहान असताना या पेपरवरून उडी मारून गेली म्हणून तिने एकदा धपाटा खाल्ला होता.

"बस ना जरा," तो म्हणाला. "टॉर्च धर."

"आमटी आहे गॅसवर."

"बारीक कर."

मालन स्टुलावर बसली. टॉर्चचा उजेड हलत होता.

"हात का हलतोय तुझा?"

"वय झालं."

"कालपर्यंत नव्हतं झालेलं."

खरवडलेला स्क्रू निघेना. स्क्रूड्रायव्हर गरगर फिरायचा आणि घसरायचा. मालन मनात म्हणाली, नको निघूस. तिने घरातल्या देवांना सोडलं आणि गावच्या देवाला हाक मारली, आणि लगेच गप्प झाली. त्या देवाला या बाबतीत तोंड दाखवायची सोय नव्हती.

गुणाजीने भाजीच्या जुडीचा रबरबँड स्क्रूवर ठेवला, त्यावरून स्क्रूड्रायव्हर दाबला आणि अंगाचा भार टाकून हळूच फिरवला. स्क्रू निघाला.

"आला," तो म्हणाला.

•

तेवढ्यात फोन वाजला. फोन टीपॉयवर होता, गुणाजीच्या गुडघ्याजवळ. त्याने मान वळवून बघितलं.

"घे. तुझी टेलरीण."

एरवी प्राची टेलरचा फोन आला की गुणाजी उठून गॅलरीत जायचा, कुंडीतली माती उकरत बसायचा. बायकांच्या कपड्यांच्या गोष्टी त्याला ऐकवत नसाव्यात, असं मालनला वाटायचं. आज त्याचे हात मशीनमध्ये होते. तो बसून राहिला.

मालन फोन घेऊन स्वयंपाकघरात गेली.

"आई, उर्वीच्या पैंजणाचं एक घुंगरू पडलंय. सकाळपासून भोकाड पसरलंय तिने. गालिच्यावर बघ ना पडलंय का."

"बघते."

"खेळत होती तिथेच असेल बघ. अगं, ते जुनं पैंजण ना, माझं. बाबांनी तार लावलेलं."

"हो, ते अस्तर मी बघते."

"... बाबा घरात आहेत?"

"हो. हुक लावलेत ना? मग झालं. ठेवू?"

"आई, काही झालंय का?"

"नाही गं. मापात थोडं कमीजास्त."

तिने फोन ठेवला. गॅस बंद केला. गालिच्यावरचं सगळं काल मशीनमध्ये गेलं होतं. केस एक वेळ निभावता आले असते. खालची सान्वी टीव्ही बघायला येते, तिचे असतील म्हणून सांगता आलं असतं. पण ते पैंजण गुणाजीने ऐश्वर्याच्या पहिल्या वाढदिवसाला आणलं होतं. त्याचं एक घुंगरू तुटलं तेव्हा सोनाराकडे न जाता त्याने तांब्याच्या तारेची बारीक कडी करून ते परत लावलं होतं. मालनने ते पैंजण कपाटातून काढून नातीच्या पायात घातलं होतं. गुपचूप.

"टॉर्च," बाहेरून आवाज आला.

•

झाकण निघालं.

आत ब्रश दिसतच नव्हता. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत केस गुंडाळले गेले होते, घट्ट, दोरखंडासारखे. टॉर्चच्या उजेडात वाइन रेड. मध्ये तुटलेला बेल्ट, एका जागी वितळून चपटा झालेला.

गुणाजीने चष्मा सारखा केला. त्याने ब्रश उचलून उजेडात धरला.

"सान्वी येते ना खालची," मालन म्हणाली. "टीव्ही बघायला. तिचे केस गळतात फार. पाणी कडक आहे ना आपलं."

"सान्वीने बॉबकट केलाय."

"पूर्वीचे असतील."

गुणाजीने ब्रश एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. पंख्याने पेपरचं टोक फडफडलं, त्याने त्यावर पक्कड ठेवली. मालन आता डोळ्यांसमोर गाव बघत होती. गावचं बंद घर, त्याचं कुलूप, कुलूप काढणारा हा हात. आणि इथे ती, शुक्रवार नसलेली.

ती उठली आणि दाढीच्या डब्यातून ब्लेड घेऊन आली. तिने कुठेसं बघितलं होतं, असे केस ब्लेडने आडवे कापतात, एका झटक्यात मोकळे होतात.

"घ्या. कापून टाका. आणि टाकून देते मी."

"ब्लेड नको."

"अहो, दिवस जाईल त्यात."

"ब्लेड नको म्हटलं ना."

त्याने केसांचं एक टोक शोधलं. नखाने वर काढलं. मग उलट्या दिशेने, ब्रश बोटांत फिरवत, सोडवायला सुरुवात केली.

मालन वर्षानुवर्षं सकाळी पोळीभाजी केंद्रात जायची, पहाटेच्या अंधारात. गुणाजीला तेव्हा दुसरी पाळी असायची. शाळेत जाणाऱ्या ऐश्वर्याच्या वेण्या तोच घालायचा. भांग काढायला पट्टी लावायचा, खरोखरची, स्टीलची. दोन्ही वेण्या सारख्या जाडीच्या झाल्या नाहीत तर सोडून परत घालायचा. ऐश्वर्या ओरडायची, "बाबा, बस येईल!" आणि तो म्हणायचा, "बसला सांग, एक बाजू हलकी झालीय."

एकेक बट सुटत होती. तो ती पेपरवर ठेवत होता. पिशवीत टाकत नव्हता. मालनच्या हातातल्या टॉर्चचा उजेड आता कुठे पडत होता कोण जाणे. तो सांगत नव्हता आणि ती विचारत नव्हती. आमटी निवली. खाली कुणीतरी स्कूटर चालू करायचा प्रयत्न करत होतं, ती होत नव्हती.

केस संपत आले तेव्हा ब्रशच्या टोकाशी, बेल्ट बसतो त्या खाचेत, काहीतरी चमकलं. गुणाजीने चिमट्याने ते ओढलं. निघेना. परत ओढलं. मग ते टिणकन पेपरवर पडलं.

घुंगरू. त्याला अडकलेली तांब्याची कडी, उघडलेली, झिजून केसाएवढी झालेली.

मालनने टॉर्च विझवला. का विझवला, तिला सांगता आलं नसतं.

गुणाजीने चष्मा कपाळावर सरकवला आणि घुंगरू डोळ्यांजवळ नेलं. बराच वेळ बघितलं. मालन त्याच्या तोंडाकडे बघत होती. ती वाक्याची वाट बघत होती. शेवटचं वाक्य एसटीत म्हटलेलं, त्याच्या पुढचं.

"बेल्ट ह्याने कापला," तो म्हणाला.

मालनने टॉर्च मांडीवर ठेवला.

"हे खाचेत बसलं. बेल्ट त्याच्यावर घासला, गरम झाला. केस नुसते असते तर निभावलं असतं."

"मग?"

"मग काय. कडी नीट दाबली नव्हती."

"कुणी?"

"ज्याने घातली त्याने." त्याने चष्मा खाली घेतला. "टॉर्च लाव. बसवायचंय अजून."

•

नवा बेल्ट खिळ्यावरून काढला. कापडाने पावडर पुसली. आधी मोटरच्या दांड्यावर, मग ब्रशवर, मग ब्रश जागेवर दाबायचा. दाबताना अंगठा सापडला आणि गुणाजीने शिवी दिली. मालनला हायसं वाटलं. शिवी रोजची होती. हाताने ब्रश फिरवून बघितला. सरळ चालतो का, एका बाजूला सरकतो का. एकदा काढून परत बसवला. मग झाकण. स्क्रू उजवीकडून डावीकडे. खरवडलेल्या स्क्रूच्या जागी त्याने डब्यातला दुसरा लावला.

तुटलेला बेल्ट पिशवीत गेला. खरवडलेला स्क्रू पिशवीत गेला.

केस त्याने पेपरच्या एका तुकड्यात गुंडाळले आणि स्वतः उठून टाकायला गेला. कुठे टाकले ते मालनने बघितलं नाही.

घुंगरू पत्र्याच्या डब्यात गेलं.

त्याने मशीन चालू केलं आणि गालिच्यावरून एकदा पुढे, एकदा मागे फिरवलं. खिडकीजवळ, जिथे उर्वी बसते, तिथे निळ्या खडूचा ठिपका राहिला होता. मालनला तो आत्ता दिसला. गुणाजीने मशीन त्या ठिपक्याला वळसा घालून नेलं आणि बंद केलं.

"चालतंय," तो म्हणाला. "जेवायला वाढ."

•

तो आठवडा मालनने कसा काढला, ते तिचं तिला. गुणाजी नेहमीसारखा वागत होता आणि त्याचाच तिला जाच होत होता. माळ्यावरची मोठी बॅग त्याने एकदा खाली काढली. ती हातातलं काम टाकून दारात आली. त्यातून त्याने जुनी बारीक पक्कड काढली आणि बॅग परत वर टाकली. बुधवारी ऐश्वर्याचा फोन आला तेव्हा ती म्हणाली, "या शुक्रवारी नको. ब्लाउज राहू दे." गुणाजी गॅलरीत कुंडीशी बसला होता.

शुक्रवारी सकाळी त्याने इस्त्रीचा शर्ट घातला. पूर्वी शुक्रवारच्या शर्टावर ग्रीसचे डाग असायचे, सोड्यात भिजवावे लागायचे. हल्ली नसायचे. "नवीन मशीनं कोरडी असतात," तो म्हणाला होता, आणि धुणं हलकं झालं याचंच मालनला बरं वाटलं होतं. तिने त्याच्या हातात डबा दिला. दारात चपला घालताना त्याने खिशातून कागदाची पुडी काढली.

"हे तुझ्या टेलरणीला दे."

मालनने पुडी घेतली. उघडायचं धाडस झालं नाही. आत काय आहे ते बोटांना कळत होतं.

"काय आहे?"

"बटण," गुणाजी म्हणाला. "ब्लाउजचं असेल कुणाच्या. पितळेची कडी घातलीय. दोन्हीकडून दाबलीय. आता सुटणार नाही."

"टेलर आज येणार नाही," मालन म्हणाली. "मी नको म्हणून सांगितलंय तिला."

"मग परत सांग." तो चपलेचा पट्टा लावत होता, वर बघत नव्हता. "लहान पोराचं काम अडकवून ठेवू नये."

त्याने जिन्याच्या कठड्याला हात लावला, दोन पायऱ्या उतरला, थांबला.

"भाजी आहे गो घरात?"

"आहे. भरपूर आहे."

"असू दे," तो म्हणाला. "तरी मी फोन करीन."

तो उतरत गेला. मालन दारात उभी राहिली. मग तिने पुडी उघडली, घुंगरू तळहातावर घेतलं आणि कानाशी नेऊन हलवलं.

•

मशीन परत जोडल्यावर पेपरवर उरलेलं:

उर्वी रांगायला लागली त्याच महिन्यात वागळे इस्टेटमधली ती कंपनी कायमची वापीला हलली होती. गुणाजी तरी दर शुक्रवारी डबा घेऊन निघतच होता.